वय ५२, टेस्टोस्टेरॉन २७०: इंजेक्शन सुरू करण्याआधी काय पाहावे

प्रश्न थोडक्यात असा आहे. वय ५२, उंची १७० सेंटिमीटर, वजन ९४ किलो. वर्षभरापासून दुपारनंतर अंग गळून जाते, कामेच्छा ओसरली आहे, ताठरता येते पण टिकत नाही. बायकोच्या म्हणण्याप्रमाणे घोरणेही वाढले आहे. संध्याकाळी पाचच्या सुमारास रक्त दिले, टेस्टोस्टेरॉन २.७० आले आणि रिपोर्टवर 'कमी' असा शेरा पडला. जिममधल्या ओळखीच्या माणसाने दर पंधरा दिवसांनी एक इंजेक्शन घ्यायला सांगितले आहे. हे वयामुळे झाले का, आणि इंजेक्शन घ्यावे का?

आत्ता घेऊ नका. पुढे कधी लागणारच नाही असे म्हणत नाही. पण बाहेरून टेस्टोस्टेरॉन सुरू झाले की मेंदूकडून वृषणांना जाणारा हुकूम बंद पडतो, आणि मग मूळ कारण शोधायच्या महत्त्वाच्या तपासण्या वाचताच येत नाहीत. आधी कारण शोधायचे, औषधाचे नंतर बघायचे. हा क्रम उलटा झालेली माणसे पाच-पाच वर्षे इंजेक्शने घेतात आणि आपल्याला नक्की काय झाले होते हे त्यांना कधीच कळत नाही.

आधी आकडा नीट वाचू. २.७० हे नॅनोग्रॅम प्रति मिलिलिटर आहे. काही लॅब तेच २७० नॅनोग्रॅम प्रति डेसिलिटर असे छापतात, काही ९.४ नॅनोमोल प्रति लिटर असे. तिन्हींचा अर्थ एकच. पुढे सगळीकडे मी डेसिलिटरचाच हिशेब धरतो. अमेरिकन युरॉलॉजिकल असोसिएशन ३०० च्या खालची पातळी कमी मानते. एंडोक्राइन सोसायटीच्या मार्गदर्शनात स्थूल नसलेल्या १९ ते ३९ वर्षांच्या पुरुषांवरून काढलेली २६४ ते ९१६ ही मर्यादा आहे. म्हणजे तुमचे २७० एका नियमाने कमी आणि दुसऱ्या नियमाने जेमतेम नॉर्मल. काठावरच्या अशा एका आकड्यावर वर्षानुवर्षांचे औषध ठरवता येत नाही.

शिवाय रक्त चुकीच्या वेळी काढले गेले. टेस्टोस्टेरॉन सकाळी सर्वांत जास्त असते आणि दिवसभर उतरत जाते. वयाबरोबर हा चढउतार कमी होतो, पण पन्नाशीतही उरतोच. खाण्याचाही परिणाम होतो: ७५ ग्रॅम ग्लुकोज प्यायल्यावर पातळी सरासरी पाव हिश्श्याने खाली येते आणि दोन तासांनंतरही खालीच असते. म्हणून रक्त सकाळी ७ ते १० च्या दरम्यान, उपाशीपोटी आणि झोप नीट झालेल्या रात्रीनंतर द्यायचे. रात्रपाळी असेल तर झोपून उठल्यावर दोन-तीन तासांच्या आत. ताप, मोठे आजारपण किंवा शस्त्रक्रिया झाली असेल तर महिना-दीड महिना जाऊ द्या, कारण आजारपणात ही पातळी हमखास पडते. केसांसाठी बायोटिनच्या गोळ्या चालू असतील तर दोन-तीन दिवस आधी बंद करा. मोठ्या डोसचे बायोटिन काही यंत्रांवर टेस्टोस्टेरॉन खोटे वाढवून आणि एलएच (वृषणांना हुकूम देणारे संप्रेरक) खोटे कमी करून दाखवते. तपासणी किमान दोनदा, वेगवेगळ्या दिवशी आणि शक्यतो त्याच लॅबमध्ये करा. पहिल्या वेळी कमी आलेल्या बऱ्याच जणांचा दुसरा आकडा नॉर्मल येतो. लॅबमध्ये मास स्पेक्ट्रोमेट्रीची (रेणू वजनावरून ओळखणारी अचूक पद्धत) सोय असेल तर तीच घ्या. कमी पातळीवर साध्या इम्युनोॲसेची (प्रतिपिंडांवर चालणारी नेहमीची तपासणी) चूक वाढत जाते.

आता एसएचबीजीकडे वळू, कारण तुमच्यासारख्या वजनाच्या माणसात सगळा घोळ इथेच होतो. रक्तातले बहुतेक टेस्टोस्टेरॉन प्रथिनांना चिकटलेले असते. त्यातले काही अल्ब्युमिनला सैलसर धरून असते, तर काही एसएचबीजी नावाच्या प्रथिनाला घट्ट. मोकळे फिरते ते जेमतेम एक ते तीन टक्के. पोटाची चरबी, इन्सुलिनला दाद न देणारे शरीर, टाइप २ मधुमेह आणि मंद थायरॉइड यांत एसएचबीजी घटते. वय वाढणे, यकृताचे आजार, जलद थायरॉइड आणि अपस्माराची काही औषधे यांत ते वाढते. वाहकच कमी झाला की एकूण आकडा घसरतो, पण मोकळे टेस्टोस्टेरॉन ठीक राहू शकते.

हे आकड्यांत मांडून पाहू. समजा तुमचे एकूण टेस्टोस्टेरॉन २७०, एसएचबीजी १६ नॅनोमोल आणि अल्ब्युमिन ४.३ ग्रॅम आहे. व्हर्म्युलेनच्या सूत्राने (या तीन आकड्यांवरून मोकळे काढायचे गणित) मोकळे टेस्टोस्टेरॉन साधारण ७५ पिकोग्रॅम प्रति मिलिलिटर निघते. दुसरा एक पुरुष घ्या, सत्तरीचा आणि सडपातळ: एकूण ४५०, एसएचबीजी ७०, अल्ब्युमिन तेवढेच. त्याचे मोकळे निघते साधारण ५५. युरोपियन मेल एजिंग स्टडीने मोकळ्या टेस्टोस्टेरॉनसाठी धरलेली सीमा सुमारे ६४ होती. म्हणजे ज्याच्या रिपोर्टवर 'कमी' असा शेरा आहे तो सीमेच्या वर, आणि ज्याचा रिपोर्ट स्वच्छ आहे तो सीमेच्या खाली. म्हणून एकूण आकडा काठावर असेल, किंवा एसएचबीजी बिघडवणारे काही कारण असेल, तर एसएचबीजी आणि अल्ब्युमिन मोजून मोकळे टेस्टोस्टेरॉन गणिताने काढायचे. लॅबमध्ये 'डायरेक्ट फ्री टेस्टोस्टेरॉन' नावाची स्वस्त तपासणी मिळते, तिच्यावर पैसे घालवू नका. तिचे आकडे भरवशाचे नसतात.

दुसऱ्या वेळीही पातळी कमी आली तर पुढचा प्रश्न एकच: बिघाड वृषणांत आहे की वरच्या हुकूमात? त्यासाठी एलएच आणि एफएसएच (शुक्राणू बनवण्याचा हुकूम देणारे संप्रेरक) तपासतात. मेंदूतला हायपोथॅलॅमस त्याखालच्या पिट्युटरी ग्रंथीला सांगतो, पिट्युटरी एलएच सोडते आणि एलएच वृषणातल्या लायडिग पेशींकडून टेस्टोस्टेरॉन बनवून घेते. टेस्टोस्टेरॉन कमी आणि एलएच वाढलेले असेल तर पिट्युटरी ओरडून सांगते आहे पण वृषणे ऐकत नाहीत असा अर्थ होतो. क्लाइनफेल्टर सिंड्रोम (एक्स गुणसूत्र जास्तीचे असणे), जुना गालगुंडाचा दाह, इजा, केमोथेरपी ही तिथली कारणे. क्लाइनफेल्टर दुर्मीळ नाही, साधारण सहाशे पुरुषांत एकाला असतो आणि अनेकांना तो आयुष्यभर कळत नाही. वृषणे लहान व टणक लागणे ही त्याची मोठी खूण आहे, पण तपासणाऱ्याने हात लावून पाहिले तरच ती सापडते. रिपोर्ट पाहून थेट औषध लिहून देणाऱ्याकडे पुन्हा जाऊ नका, असे मी म्हणेन.

टेस्टोस्टेरॉन कमी आणि एलएचही कमी किंवा 'नॉर्मल' असेल तर दोष वरचा आहे. इथला 'नॉर्मल' फसवा असतो, कारण टेस्टोस्टेरॉन इतके पडल्यावर एलएच वाढायलाच हवे होते. अशा वेळी प्रोलॅक्टिन (पिट्युटरीचेच आणखी एक संप्रेरक), थायरॉइड, ट्रान्सफेरिन सॅच्युरेशन व फेरिटिन (या लोहाच्या तपासण्या; लोह साठून पिट्युटरी खराब होते) आणि सकाळचे कॉर्टिसॉल पाहतात. पातळी १५० च्या खाली असेल, प्रोलॅक्टिन बरेच वाढलेले असेल, डोके दुखत असेल किंवा बाजूचे दिसणे कमी झाले असेल तर पिट्युटरीचा एमआरआय टाळू नये. प्रोलॅक्टिन बनवणारी गाठ गोळ्यांनी आटोक्यात येते. तिच्यावर टेस्टोस्टेरॉनचे पांघरूण घातले तर ती आत वाढत राहते.

मग वयाचा वाटा किती? चाळिशीनंतर एकूण टेस्टोस्टेरॉन वर्षाला साधारण एक टक्क्याच्या आसपास उतरते. वयाबरोबर एसएचबीजी वाढत असल्यामुळे मोकळे थोडे जास्त वेगाने उतरते. पण त्याच युरोपियन अभ्यासात ४० ते ७९ वयाच्या तीन हजारांहून अधिक पुरुषांत कमी पातळी आणि तिच्याशी खरोखर जुळणारी तीन लैंगिक लक्षणे (इच्छा कमी, सकाळची ताठरता कमी, संबंधाच्या वेळी ताठरता कमी) एकत्र सापडली ती फक्त २.१ टक्के जणांत. थकवा, चिडचिड, झोप न लागणे ही लक्षणे इतक्या कारणांनी होतात की त्यांवरून टेस्टोस्टेरॉनचा अंदाज बांधता येत नाही. ऑनलाइन प्रश्नावल्या याच लक्षणांवर उभ्या असतात, म्हणून पन्नाशीतला जवळजवळ प्रत्येक पुरुष त्यांत 'टेस्टोस्टेरॉन कमी' या निकालाने 'पास' होतो. वयाच्या नावावर जमा केली जाणारी बरीचशी घसरण खरे तर वजन, मधुमेह, झोप आणि औषधांची असते.

तुमचा बीएमआय ३२.५ येतो, आणि माझा पहिला संशय तिथेच आहे. चरबीतले ॲरोमाटेज हे विकर टेस्टोस्टेरॉनचे इस्ट्रॅडिऑल (स्त्री-संप्रेरक) करते, पोटाच्या चरबीतून निघणारे दाहक घटक मेंदूकडचा हुकूम मंदावतात आणि एसएचबीजीही घटते. यातली चांगली बाब अशी की हे बहुतांशी परत फिरते. आहाराने वजन सुमारे १० टक्क्यांनी उतरवलेल्या पुरुषांत पातळी सरासरी ८० च्या आसपास चढली, आणि वजन कमी करण्याच्या शस्त्रक्रियेनंतर, जिथे वजन तिसऱ्या हिश्श्याने उतरते, तिथे २५० च्या आसपास. तुमच्यासाठी १० टक्के म्हणजे ९ ते १० किलो. सहा महिन्यांत ते जमण्यासारखे आहे. आठवड्याला अर्धा किलोपेक्षा फार वेगाने जाऊ नका आणि प्रथिने वजनाच्या किलोमागे १.२ ते १.६ ग्रॅम ठेवा (मूत्रपिंडाचा त्रास असेल तर हा आकडा डॉक्टरांकडून ठरवून घ्या). आठवड्यातून दोन-तीन दिवस वजने उचलण्याचा व्यायाम करा. उपासमार करून आणि रोज दोन तास धावून वजन पाडले तर टेस्टोस्टेरॉन उलट खाली जाते, कारण शरीर ते संकट समजते.

घोरणे ही तुमच्या प्रश्नातली सर्वांत दुर्लक्षित ओळ आहे. निरोगी तरुणांना आठवडाभर रोज फक्त पाच तास झोपू दिले तेव्हा त्यांचे दिवसाचे टेस्टोस्टेरॉन १० ते १५ टक्क्यांनी घसरले. तुमच्या बाबतीत घोरण्याबरोबर श्वास अडकत असेल, सकाळी तोंड कोरडे पडून डोके जड होत असेल, दुपारी बसल्या जागी डुलकी लागत असेल तर स्लीप स्टडी करून घ्या. स्लीप ॲप्नियात (झोपेत श्वास पुन्हापुन्हा अडकणे) थकवा येतो, कामेच्छा जाते, रक्तदाब चढतो, म्हणजे तुमची निम्मी तक्रार एवढ्यानेच समजू शकते. आणि गंभीर ॲप्नियावर उपचार न करता टेस्टोस्टेरॉन दिले तर ॲप्निया बिघडू शकतो.

औषधांची यादीही काढा. वेदनेसाठी दीर्घकाळ चाललेली ओपिऑइड, स्टेरॉइडच्या गोळ्या, स्पायरोनोलॅक्टोन आणि पूर्वी जिममध्ये घेतलेली ॲनाबॉलिक स्टेरॉइड पातळी पाडतात. नैराश्यावरच्या काही गोळ्या पातळीला हात न लावता इच्छा आणि स्खलन बिघडवतात. त्या मनाने बंद करू नका, लिहून देणाऱ्याशी बोला. 'ताकदीची' म्हणून विकली जाणारी पुड्या-कॅप्सूल टाळा. त्यांत न सांगता सिल्डेनाफिल किंवा स्टेरॉइड मिसळलेले सापडले आहे.

ताठरतेबद्दल वेगळे बोलायला हवे. तुमच्या वयात ताठरता न टिकण्याचे सर्वांत मोठे कारण रक्तवाहिन्या असतात. लिंगाची धमनी हृदयाच्या धमनीपेक्षा बारीक, त्यामुळे ती आधी कुरकुरते. छातीत दुखण्याआधी दोन ते पाच वर्षे ही तक्रार सुरू झालेली असते असे वारंवार दिसते. म्हणून रक्तदाब, एचबीए१सी (तीन महिन्यांची सरासरी साखर), लिपिड प्रोफाइल, कमरेचा घेर आणि तंबाखूचा हिशेब हे टेस्टोस्टेरॉनइतकेच तातडीचे आहेत. सिल्डेनाफिल किंवा टॅडालाफिल चांगले काम करतात, पण हृदयासाठी नायट्रेट चालू असेल तर अजिबात घ्यायचे नाहीत. दोन्हींनी मिळून रक्तदाब जीवघेणा पडतो.

समजा हे सगळे पाहून, दोन सकाळच्या तपासण्यांत पातळी कमी, मोकळे टेस्टोस्टेरॉनही कमी आणि लक्षणे जुळणारी निघाली. मग उपचार योग्य आहे, आणि त्यातून काय मिळेल हेही ठाऊक आहे. ६५ वर्षांवरील ७९० पुरुषांवरच्या टेस्टोस्टेरॉन ट्रायल्समध्ये वर्षभरात कामेच्छा सुधारली, ताठरता थोडी सुधारली, रक्ताल्पता आणि हाडांची घनता सुधारली. उत्साहावर ठोस फरक दिसला नाही, स्मरणशक्ती वाढली नाही. फक्त थकव्यासाठी घेणार असाल तर निराशा होण्याची शक्यता जास्त.

हृदयाबद्दल २०२३ मध्ये ट्रॅव्हर्स चाचणी आली. ४५ ते ८० वयाचे, हृदयविकार असलेले किंवा त्याचा धोका असलेले पाच हजारांवर पुरुष टेस्टोस्टेरॉनची जेल किंवा औषध नसलेली नुसती जेल अशा दोन गटांत होते. हृदयविकाराचा झटका, पक्षाघात किंवा हृदय-रक्तवाहिन्यांच्या आजाराने मृत्यू ७.० विरुद्ध ७.३ टक्के, म्हणजे धोका वाढला नाही. पण एट्रियल फिब्रिलेशन (हृदयाचे अनियमित ठोके) ३.५ विरुद्ध २.४ टक्के आणि फुप्फुसात गुठळी ०.९ विरुद्ध ०.५ टक्के निघाली. अस्थिभंगही औषधाच्या गटात जास्त झाले, जे कोणालाच अपेक्षित नव्हते. प्रोस्टेट कॅन्सरमध्ये लक्षणीय फरक नव्हता. मात्र हे निष्कर्ष जपून निवडलेल्या, जेलवर ठेवलेल्या आणि नियमित तपासलेल्या पुरुषांचे आहेत. जिममधल्या दुप्पट-तिप्पट डोसला ते लागू होत नाहीत.

प्रोस्टेट किंवा स्तनाचा कॅन्सर, बोटाला लागणारी प्रोस्टेटची गाठ, पीएसए (प्रोस्टेटची रक्ततपासणी) ४ च्या वर (घरात कॅन्सरचा इतिहास असेल तर ३ च्या वर), हिमॅटोक्रिट (रक्तातला लाल पेशींचा हिस्सा) ४८ टक्क्यांच्या वर, लघवीचा गंभीर अडथळा, आटोक्यात नसलेले हार्ट फेल्युअर, गेल्या सहा महिन्यांतला झटका किंवा पक्षाघात, यांपैकी काही असेल तर सुरू करायचे नाही. फिनास्टेराइड किंवा ड्युटास्टेराइड (प्रोस्टेट किंवा केसांसाठीच्या गोळ्या) चालू असेल तर पीएसए निम्म्यावर येते, म्हणून आकडा दुप्पट करून वाचा.

प्रकारांत जेल सर्वांत सौम्य. एक टक्क्याची ५ ग्रॅम जेल, म्हणजे ५० मिलिग्रॅम, रोज सकाळी खांद्यावर-दंडावर कोरड्या त्वचेला लावतात. हात साबणाने धुवायचे, वाळल्यावर अंगात कपडा घालायचा, काही तास त्या जागेला पाणी लागू द्यायचे नाही. लहान मूल कडेवर घेण्याआधी जागा झाकलेली हवी. जेल लागून लहान मुलांत अकाली केस आणि लैंगिक वाढ दिसल्याची उदाहरणे आहेत. एनॅन्थेट किंवा सिपिओनेट इंजेक्शन आठवड्याला ७५ ते १०० मिलिग्रॅम किंवा पंधरा दिवसांनी १५० ते २०० मिलिग्रॅम देतात. पंधरवड्याच्या डोसमध्ये पहिले तीन-चार दिवस पातळी उंच जाते आणि शेवटच्या तीन-चार दिवसांत मूड आणि इच्छा दोन्ही आपटतात. तुम्हाला सुचवलेली पद्धत तीच आहे. निम्मा डोस दर आठवड्याला घेतला तर हा झोका बराच कमी होतो. अनडेकॅनोएट १००० मिलिग्रॅम कुल्ल्यात खोलवर देतात, दुसरा डोस सहा आठवड्यांनी, पुढे दर १० ते १४ आठवड्यांनी. हे ४ मिलिलिटर एरंडेल तेल असते, म्हणून दोन मिनिटे लावून हळू टोचायचे आणि नंतर अर्धा तास दवाखान्यातच थांबायचे. तेलाचा सूक्ष्म थेंब फुप्फुसात गेला तर लगेच खोकल्याची उबळ आणि धाप लागते.

तीन ते सहा महिन्यांनी पातळी तपासताना वेळ पाळली नाही तर आकडा निरर्थक ठरतो: एनॅन्थेट-सिपिओनेटला दोन डोसांच्या बरोबर मध्यावर, अनडेकॅनोएटला पुढच्या डोसच्या आधी, जेलला लावल्यावर २ ते ८ तासांनी. लक्ष्य ४०० ते ७०० पुरे. त्याच वेळी हिमॅटोक्रिट पाहा. टेस्टोस्टेरॉन हेप्सिडिन (लोह अडवून धरणारे संप्रेरक) दाबून लोह मोकळे करते आणि रक्त दाट होते, इंजेक्शनवर हे जास्त दिसते. ५४ टक्क्यांच्या वर गेले तर औषध थांबवायचे, ॲप्निया शोधायचा आणि उतरल्यावर कमी डोसने पुन्हा सुरू करायचे. दर दोन महिन्यांनी रक्त काढून टाकत तोच डोस चालू ठेवणे हा मार्ग नव्हे, त्याने शरीरातले लोह संपते आणि थकवा परत येतो. पीएसए वर्षभरात १.४ ने वाढले तर युरॉलॉजिस्टकडे जा. स्तन दुखू लागले म्हणून स्वतःहून ॲरोमाटेज रोखणाऱ्या गोळ्या घेऊ नका. पुरुषांच्या हाडांना आणि कामेच्छेलाही इस्ट्रॅडिऑल लागते. आधी डोस कमी करून पाहतात.

मूल हवे असेल तर टेस्टोस्टेरॉनचा वरचा कोणताही प्रकार चालणार नाही. वृषणाच्या आत टेस्टोस्टेरॉन रक्तापेक्षा कित्येक पटींनी जास्त असते आणि शुक्राणू त्याच्यावर आणि एफएसएचवर बनतात. बाहेरून दिले की एलएच-एफएसएच शून्याच्या जवळ जातात, शुक्राणू काही महिन्यांत संपतात. आठवड्याला २०० मिलिग्रॅम एनॅन्थेट हे पुरुषांचे गर्भनिरोधक म्हणून जागतिक आरोग्य संघटनेने तपासलेही होते. बंद केल्यावर बहुतेकांचे सहा महिने ते वर्षात परत येतात, काहींना दोन वर्षे लागतात. अशा पुरुषांना दोष वरचा असेल तर क्लोमिफीन (पिट्युटरीला जास्त हुकूम सोडायला लावणारी गोळी) २५ ते ५० मिलिग्रॅम किंवा एचसीजी (एलएचसारखे काम करणारे इंजेक्शन) देतात, तेही वीर्य तपासणी हाताशी ठेवून.

आणि सुरू केले तरी मुदत आधीच ठरवून घ्या. पातळी लक्ष्यात येऊन सहा महिने झाले आणि इच्छेत-ताठरतेत फरक नसेल तर थांबवा, मूळ कारण दुसरे आहे. थांबवल्यावर काही आठवडे ते काही महिने पातळी सुरुवातीपेक्षाही खाली असते, कारण पिट्युटरी जागी व्हायला वेळ घेते. त्या काळातल्या मरगळीला घाबरून पुन्हा इंजेक्शन घेऊ नका. तीन महिन्यांनी सकाळी उपाशीपोटी टेस्टोस्टेरॉन आणि एलएच एकत्र तपासा.